हरणं इथलीच, माळ कुठं गेला?

मराठवाड्यात कुठल्याही गावच्या पारावर हरणांचा विषय निघाला की एक गोष्ट हमखास कानावर येते. "फॉरेस्टवाल्यांनी रातच्याला गाड्या भरून आणून सोडलेत." परभणीकडे हेच ऐकायला मिळतं, उदगीर-चाकूरकडे हेच, जालना-हिंगोलीतही हेच. गाडी कुणी स्वतः पाहिलेली नसते. पाहणारा नेहमी शेजारच्या गावातला, नाहीतर पाहुण्यांपैकी कुणीतरी असतो. ही अफवा आहे, पण ती हसण्यावारी नेणं मला पटत नाही. ज्याच्या रानात पूर्वी एखादी जोडी दिसायची, त्याच्या रानात आता सकाळी तीस-चाळीसांचा कळप उभा असतो. असं का झालं हे त्याला कुणी समजावून सांगितलेलं नाही, म्हणून त्याने आपल्या परीने एक कारण शोधलं. आणि या अफवेच्या पोटात एक खरा प्रश्न आहे: हा प्राणी इथला की बाहेरून आणलेला? उत्तर काय येतं त्यावर पुढचं सगळं ठरतं. मारायचं की हलवायचं की सांभाळायचं, आणि सांभाळायचं तर कुणाच्या खर्चाने.

काळवीट इथलंच आहे. दख्खनच्या उघड्या माळावर, जिथे लांबवर नजर जाते आणि धोका दिसताच सुसाट धावता येतं, तिथलाच हा प्राणी. दाट झाडीत तो राहत नाही. आपण सगळ्यांनाच हरीण म्हणतो, पण काळवीट, चिंकारा आणि रोही (नीलगाय) यांची शिंगं आयुष्यभर डोक्यावर राहतात. चितळ, सांबर, भेकर यांची दरवर्षी गळतात आणि नवी येतात. फरक फक्त शिंगांचा नाही, घराचाही आहे. चितळ आणि भेकर यांना झाडांची सावली आणि आडोसा लागतो, म्हणून मराठवाड्यात ते किनवट-माहूरच्या सागवानी पट्ट्यात दिसतात. चिंकारा बीड-धाराशिवच्या कोरड्या, खडकाळ बरड रानात चार-दोनच्या टोळीने फिरतो आणि पिकाला त्याचा त्रास जवळजवळ नसतोच. रोही झुडपी रान आणि शेत यांच्या सीमेवर राहतो. काळविटाला मात्र सपाट, मोकळं, गवताचं रान हवं, आणि असं रान हीच मराठवाड्याची जुनी ओळख होती. कोल्हापूर संस्थानात काळविटांच्या शिकारीसाठी चित्ते पाळले जात. दख्खनच्या माळावर काळवीट विपुल होतं म्हणूनच हा शौक चालला.

बाहेरून आणलेलं हरीण म्हणजे काय, हे पाहायचं तर न्यूझीलंडकडे पाहावं. त्या बेटांवर वटवाघळं सोडली तर जमिनीवर राहणारा एकही सस्तन प्राणी मूळचा नाही. तिथे एकोणिसाव्या शतकात युरोपी वसाहतवाल्यांनी शिकारीच्या हौसेपायी तांबडं हरीण आणून सोडलं, श्रीलंकेतून सांबरही नेलं. खाणारं तोंड आलं, त्या तोंडाला आवर घालणारा शिकारी प्राणी आला नाही. डोंगरउतारावरची झाडी संपायला लागली तेव्हा सरकारने १९३०च्या दशकात पगारी शिकारी नेमले, आणि पुढे हेलिकॉप्टरमधून गोळ्या घालण्यापर्यंत गोष्ट गेली. हवाईच्या राजाला १८६८ मध्ये चितळ भेट म्हणून मिळाले. आज तिथे चितळांपासून शेती आणि जंगल वाचवण्यावर पैसा ओतावा लागतो. आपल्याच देशात अंदमानला इंग्रजांनी विसाव्या शतकाच्या सुरुवातीला चितळ नेऊन सोडले. वाघ नाही, बिबट्या नाही. चितळ बेटामागून बेटावर पसरले आणि तिथल्या जंगलात कोवळी रोपं वर येणं अवघड झालं. मुख्य भूमीवर जो प्राणी जंगलाचा भाग आहे, तोच तिथे जंगलाला जड झाला.

याची दुसरी बाजूही आहे. टेक्सासमधल्या मोठमोठ्या खाजगी रानांत गेल्या शतकात शौकिनांनी काळवीट नेऊन वाढवलं. इकडे पाकिस्तानातून काळवीट नाहीसं झालं, तेव्हा १९७० च्या सुमारास लाल सुहानराच्या रानात पुन्हा सोडायला त्यांना टेक्सासमधून काळविटं आणावी लागली. आपल्या मातीतला प्राणी एकदा गेला की तो असा समुद्रापार जाऊन मागावा लागतो. मराठवाड्यात ही वेळ आलेली नाही. इथे काळवीट अजून स्वतःच्या पायांवर उभं आहे, तेही कुठल्याही अभयारण्याच्या आधाराशिवाय, शेतकऱ्याच्या जमिनीवर आणि शेतकऱ्याच्या जिवावर.

मग कळप अचानक दिसायला का लागले? मला वाटतं, हरणं जितकी वाढली त्याहून जास्त ती उघडी पडली. संख्या वाढली असणारच. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने शिकार थांबवली आणि काळविटाला पहिल्या अनुसूचीत घातलं. चित्ता देशातून संपल्याचं १९५२ मध्येच जाहीर झालं होतं, लांडगा माळावरून हटत गेला. पण त्याच काळात माळही गेला. प्रत्येक गावाला गायरान होतं, गायरानाला लागून बरड, बरडाला लागून पडीक. तिथे कुसळी होती, पवना होतं, ओढ्याच्या कडेने मारवेल होतं. गावाची गुरं आणि माळाची हरणं त्याच गवतावर जगत. उन्हाळ्यात गवत वाळलं की दोघांचेही हाल व्हायचे आणि मृगाच्या सरी आल्या की दोघंही सावरायची. हा माळ सरकारी कागदावर कधीच 'जंगल' नव्हता. देशाच्या पडीक जमिनींच्या नकाशांत गवताळ रानं पडीकातच मोजली जातात. आणि पडीक म्हटलं की कुणीही ती मागावी, कुणालाही ती द्यावी. सबस्टेशन, एमआयडीसी, सौरऊर्जेचे पट्टे, कचरा डेपो, वसतिगृह, गावठाणाची वाढ, सगळं तिथेच गेलं.

उरलेल्या माळावर झाडं लावली गेली. २०१६ ते २०१९ या काळात राज्यात वृक्षलागवडीची मोठी मोहीम झाली. शेवटच्या वर्षी ३३ कोटी रोपांचं लक्ष्य होतं. झाडं लावणं चांगलंच, पण कुठे? माळरानावर ओळीने खड्डे खणून गिरीपुष्प लावलं की हिरवळ लवकर दिसते, कारण गुरं त्याला सहसा तोंड लावत नाहीत, रोप जगतं आणि अहवाल चांगला जातो. पण त्याच्या सावलीत कुसळी-पवना टिकत नाही, आणि ज्या रानात लांबचं दिसत नाही त्या रानात काळवीट थांबत नाही. गिरीपुष्प मध्य अमेरिकेतलं. ओढ्याकाठची आणि तलावाच्या गाळपेराची वेडी बाभूळही अमेरिका खंडातली. बाहेरून आणून सोडल्याचा आरोपच करायचा असेल, तर तो या झाडांवर आणि ती लावणाऱ्यांवर करता येईल. वेडी बाभळीच्या जाळ्यांनी तर दुसराच पेच निर्माण केला. तिथे रानडुक्कर आणि रोही यांना दिवसभर लपायला हक्काची जागा झाली. जायकवाडी, पूर्णा, इसापूर यांच्या कालव्यांनी उन्हाळ्यातही पाणी आणि ओला चारा दिला. ऊस आला, त्याने बारमाही आडोसा दिला. रोह्याची मादी पुष्कळदा जुळं देते. खायला, प्यायला, लपायला असं सगळं मिळाल्यावर संख्या वाढणं ओघानेच आलं.

आणि सोयाबीन आलं. हे मी जरा सविस्तर सांगतो, कारण शहरात बसून हरणांवर लिहिणाऱ्यांच्या हे ध्यानात येत नाही आणि वनखात्याच्या फायलीत याला रकानाच नाही.

सोयाबीन उगवतं तेव्हा आधी दोन जाड, मांसल दलं वर येतात, मग त्यांच्या मधून कोवळी पानं. पेरणीनंतर आठवड्या-दीड आठवड्याने तास नुकते धरलेले असतात, त्याच वेळी कळप पहाटे रानात उतरतो. काळवीट दलांसकट शेंडा खुडून घेतं. दलांच्या खाली डोळा नसतो, त्यामुळे तिथून नवं फूट येतच नाही. जमिनीत एक हिरवा बोडका देठ उभा राहतो आणि दोन दिवसांत वाळतो. सकाळी बांधावर उभं राहिलं की तासच्या तास असे रिकामे दिसतात, मधल्या भुसभुशीत मातीत दोन टोकदार अर्धचंद्रांसारखे खूर उमटलेले. दुबार पेरणी म्हणजे तीन-साडेतीन हजारांची नवी पिशवी, पुन्हा ट्रॅक्टरचं भाडं, आणि सगळ्यांत वाईट म्हणजे हातची वाफ (पेरणीजोगी ओल) गेलेली. जुलैच्या मध्यात पेरलेलं सोयाबीन परतीच्या पावसात सापडतं, हे मराठवाड्यात पोराटोरांनाही माहीत आहे.

हरभऱ्याचं वेगळं. हरभऱ्याचे शेंडे तर आपले लोक स्वतःच खुडायचे. महिन्याभराच्या पिकाची भाजी घरात यायची आणि खुडल्यावर झाड जास्त फुटायचं. एखाद्या रात्री हरणांनी हरभऱ्याचा शेंडा नेला तर पीक सावरतं. घाटे भरताना कळप लोळून गेला तर मात्र काही हाती लागत नाही. ज्वारीची तऱ्हा आणखी निराळी. कोवळी ज्वारी खाल्ली तर गुरांना विषबाधा होते, हे प्रत्येक गुराख्याला ठाऊक असतं. रब्बीच्या ज्वारी-हरभऱ्याला कडेने करडईच्या ओळी घालायची आपल्याकडे रीत होती. करडई मोठी झाली की काट्यांमुळे गुरं आत शिरायला कचरतात. कुंपण आणि तेल दोन्ही एकाच पेऱ्यात. परभणीच्या वसंतराव नाईक मराठवाडा कृषी विद्यापीठाने करडईवर मोठं काम केलं, 'परभणी कुसुम' हे वाण तिथलंच. आज गावात करडईचा पेरा शोधावा लागतो. काढणीला मजूर मिळत नाही, भाव भरवशाचा नाही, आणि सोयाबीन सोपं. शेतकऱ्याने सोयाबीन धरलं यात त्याची चूक नाही. त्याला दुसरा पर्याय परवडेल असा कुणी ठेवलेला नाही. पण त्याचा परिणाम पाहा. माळ संपला, ज्वारी-करडई कमी झाली, आणि लाखो एकरांवर एकाच वेळी एकच कोवळं, गोडसर, प्रथिनांनी भरलेलं रोप उगवायला लागलं. गवत खाणारा प्राणी तिथे येणारच.

म्हणून शेतकरी जागलीला जातो. थंडीत हरभऱ्याच्या रानात शेकोटी करून बसतो, मोबाईलवर कुत्र्याच्या भुंकण्याचा आवाज भोंग्याला जोडतो, घरातल्या जुन्या साड्या बांबूला बांधून रानाभोवती ओढतो. मराठवाड्यातून रेल्वेने जाताना शेतांच्या कडेने रंगीबेरंगी साड्या दिसतात, त्या याच. हरणं आठ-पंधरा दिवस बिचकतात, मग सरावतात. ज्याला परवडतं तो झटका मशीन घेतो. ज्याला परवडत नाही तो कधी थेट लाईनची तार सोडतो, आणि मग त्या तारेला हरणाच्या आधी शेजारचा माणूस चिकटतो. अशा बातम्या दरवर्षी येतात. हा गुन्हा आहे आणि तो गुन्हाच राहिला पाहिजे. पण त्याच्या मागची अगतिकता शासनाने पाहायला हवी. जंगलालगतच्या गावांना सौरकुंपणाला अनुदान देणारी डॉ. श्यामाप्रसाद मुखर्जी जन-वन विकास योजना मुळात व्याघ्रप्रकल्प आणि अभयारण्यांच्या काठावरच्या गावांसाठी आखली गेली. ज्या प्रदेशात जंगलच नाही आणि तरी हरणं आहेत, त्या प्रदेशाचा विचार त्या आखणीत नव्हता. लातूर जिल्ह्याचं वनक्षेत्र एकूण क्षेत्राच्या एक टक्काही नाही. तिथल्या शेतकऱ्याने जंगलाचा काठ कुठून आणायचा?

नुकसानभरपाई आहे. अर्ज, सातबारा, आठ-अ, पासबुक, फोटो, आणि मग वन, महसूल, कृषी या तीन खात्यांच्या माणसांनी एकत्र येऊन पंचनामा. ज्यांनी कधी तलाठी आणि कृषी सहायक एका दिवशी एका बांधावर आणायचा प्रयत्न केला आहे, त्यांना बाकी सांगायला नको. तोवर एक तर शेतकऱ्याने दुबार पेरणी केलेली असते, त्यामुळे नुकसान दिसत नाही. किंवा केलेली नसते, त्यामुळे त्याचं वर्ष गेलेलं असतं. आमच्या घरच्या एका अर्जाला दुसऱ्या वर्षीच्या पेरणीपर्यंत उत्तर आलं नाही. पुढे माझ्या वडिलांनी अर्ज करणंच सोडून दिलं, आणि मराठवाड्यात असे किती अर्ज लिहिलेच जात नाहीत याची कुठेही नोंद नाही. केंद्राने नोव्हेंबर २०२५ मध्ये जाहीर केलं की २०२६ च्या खरिपापासून वन्यप्राण्यांनी केलेलं नुकसान पीकविम्यात घेता येईल आणि शेतकऱ्याने ७२ तासांत मोबाईलवरून फोटोसह कळवायचं. यात कुठले प्राणी आणि कुठले जिल्हे, हे राज्यांनी ठरवायचं आहे. माझी पहिली मागणी इथेच आहे. काळवीट, रोही आणि रानडुक्कर हे तिन्ही प्राणी आणि मराठवाड्याचे आठही जिल्हे त्या यादीत असले पाहिजेत. 'इथे अभयारण्य नाही, म्हणजे इथे वन्यप्राणी नाहीत' हा हिशोब पुन्हा लावला जाऊ नये.

आता गोळी घालण्याच्या मागणीकडे येतो. ती दरवर्षी आमदारांच्या तोंडून येते आणि टाळ्या घेते. कायदा नीट वाचला तर काळवीट आणि चिंकारा पहिल्या अनुसूचीत आहेत; पिकाच्या नुकसानीसाठी त्यांना मारण्याची परवानगी कुणीही देऊ शकत नाही, आणि देऊही नये. रोही आणि रानडुक्कर २०२२ च्या दुरुस्तीनंतर दुसऱ्या अनुसूचीत आहेत. त्यांच्याबाबत उभ्या पिकाचं नुकसान होत असेल तर वनखात्याच्या परवान्याने मारण्याची वाट कायद्यातच आहे. जिथे रोह्यांनी खरोखर शेती अशक्य केली आहे तिथे ही वाट वापरायला माझा विरोध नाही. पण परवाना कुणाच्या हातात द्यायचा, बंदूक कुणाची, गाभण मादीचं काय, मेलेल्या जनावराची विल्हेवाट कशी, हे ठरवल्याशिवाय परवाना नुसता कागद राहतो. बिहारमध्ये रोह्यांना उपद्रवी घोषित करून २०१६ मध्ये मोकामा भागात बाहेरच्या नेमबाजांकडून दोनशेहून अधिक रोही मारले गेले. देशभर वाद पेटला. पण गंगेकाठचं रान तेच राहिलं, पीक तेच राहिलं, म्हणून प्रश्नही राहिला. शिवाय आपल्याकडे रोह्याला कित्येक जण गाय मानतात. सरकारने परवाना दिला तरी गावातला माणूस बंदूक उचलणार नाही, हेही खरं.

हलवण्याचा पर्याय जास्त सभ्य वाटतो. मध्य प्रदेशात २०२५ च्या ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये शाजापूर भागातल्या शेतांतून आठशेहून अधिक काळविटं आणि काही डझन रोही हलवले गेले. हेलिकॉप्टरने कळप हाकायचा, कापडी भिंतींच्या नरसाळ्यासारख्या आवारात घ्यायचा आणि तिथून थेट गाडीत चढवायचा, ही आफ्रिकेतली बोमा पद्धत त्यांनी वापरली. काम कौतुकाचं आहे. काळवीट हाताने पकडायला गेलं तर धसक्यानेच मरू शकतं, त्यामुळे न हाताळता हलवणं महत्त्वाचं. पण मध्य प्रदेशाकडे सोडायला गांधीसागर आहे, कुनो आहे. आपण कुठे सोडणार? येडशी-रामलिंग घाट अभयारण्य जेमतेम २२ चौरस किलोमीटर, तेही डोंगर-झाडीचं. पाटोद्याचं नायगाव मयूर अभयारण्य ३० चौरस किलोमीटरच्या आसपास. गौताळा २६० चौरस किलोमीटर आहे, पण तो डोंगराळ, जंगली मुलूख. काळवीट तिथे सोडणं म्हणजे ते बिबट्याच्या तोंडी देणं किंवा खालच्या शेतात पाठवणं. शेजारच्या नगर जिल्ह्यातल्या कर्जत तालुक्यात काळविटांसाठीच केलेलं रेहेकुरी अभयारण्य सव्वादोन चौरस किलोमीटरसुद्धा नाही. तिथली काळविटंही बाहेरच्या शेतांवर अवलंबून आहेतच. जागा नसताना हलवलं, तर एका तालुक्याचं गाऱ्हाणं दुसऱ्या तालुक्याच्या गळ्यात पडतं. आणि मग पारावरची ती गाडीची अफवा खरीच ठरेल.

एक उलटी मागणीही अधूनमधून निघते: अमुक टेकडीवर पर्यटनासाठी हरीण उद्यान करा, तिथे चितळ आणून सोडा. हे अजिबात होऊ नये. अंदमानची गोष्ट समोर आहे. जिथे चितळाचं रान नाही तिथे ते जाळीत ठेवलं तर तुरुंग होतो आणि जाळी तुटली तर शेतकऱ्याच्या बोकांडी आणखी एक तोंड बसतं.

मग उरतं ते जमिनीचं काम, आणि माझं सगळं म्हणणं त्यावर आहे. मराठवाड्यातला हरणांचा प्रश्न मुख्यतः वनखात्याच्या हद्दीबाहेरचा आहे. तो महसुली जमिनीवरचा, गायरानावरचा, माळावरचा प्रश्न आहे, आणि तिथे तो सोडवला नाही तर दुसरीकडे कुठेही सुटणार नाही. मोठं अभयारण्य जाहीर करून तो सुटत नाही, हे माळढोकच्या नावाने आपण शिकलो आहोत. सोलापूर-नगरमध्ये १९७९ मध्ये माळढोक अभयारण्य जाहीर झालं तेव्हा त्याची हद्द साडेआठ हजार चौरस किलोमीटरच्या घरात होती. हजारो शेतकऱ्यांच्या खाजगी जमिनी त्यात अडकल्या, व्यवहार थांबले, आणि पक्ष्याबद्दल आपुलकी वाटण्याऐवजी लोकांच्या मनात राग बसला. पुढे हद्द बाराशे चौरस किलोमीटरवर आणावी लागली. तोवर माळढोक जवळजवळ संपला होता.

याउलट वैजापूरला लागूनच, येवला तालुक्यात ममदापूर आहे. तिथे वनजमिनीवर सुमारे ५४ चौरस किलोमीटरचं संवर्धन राखीव क्षेत्र आहे आणि काळवीट तिथे गवतावर राहतं. पाणवठे आहेत, कुरण आहे, गावं आजूबाजूला आहेत. सगळं आदर्श आहे असं नव्हे. दुष्काळात तिथलीही हरणं शेतात उतरतात. पण रान शाबूत असल्याने मुळात एक आधार आहे. गुजरातच्या भावनगरजवळ वेळावदरचं राष्ट्रीय उद्यान केवळ ३४ चौरस किलोमीटरचं, जुन्या संस्थानाचं राखीव कुरण. त्या गवतात काळवीट आहे आणि काळविटामागे लांडगाही आहे. आपल्याला इतकं मोठं एकसंध रान मिळणार नाही, हे मान्य. पण जालना, परभणी, हिंगोली, लातूर, बीडमधल्या प्रत्येक तालुक्यात शंभर-दोनशे एकरांचे दोन-तीन तुकडे जोडून कुरण म्हणून राखता येतील. तिथे झाडं लावायची नाहीत, खड्डे खणायचे नाहीत. गिरीपुष्प काढायचं, वेडी बाभूळ काढायची, मारवेल-पवन्याचं बी टाकायचं, पावसाळाभर चराई बंद ठेवायची आणि दिवाळीनंतर गावाने ठरवून गवत कापून न्यायचं. अर्धं गवत गावाच्या गुरांना, उरलेलं उभं. रोजगार हमीची कामं त्यावर घेता येतात. दुभत्या जनावरांसाठी चाऱ्याचा जो भाव दुष्काळात आपण मोजतो, तो पाहता हे काम फक्त हरणांसाठी करायचं आहे असं कुणी म्हणू नये. कुरणात हरणीने पाडस घातलं तर ते पहिले काही दिवस गवतात निपचित पडून राहू शकतं. उघड्या ढेकळांत ते गावकुत्र्यांना सापडतं.

इथे एक धोका मला स्पष्ट दिसतो आणि तो आधीच सांगून ठेवतो. मराठवाड्यात गायरान म्हटलं की भूमिहीन दलित कुटुंबांचा लढा डोळ्यांसमोर येतो. १४ एप्रिल १९९० पर्यंतची त्यांची अतिक्रमणं नियमित करण्याचा शासनाचा निर्णय झाला, तरी कित्येक घरं अजून कागदासाठी हेलपाटे घालतात. हरणांच्या नावाखाली त्यांच्या दोन-तीन एकरांवर बुलडोझर फिरणार असेल, तर मी त्या योजनेच्या विरोधात उभा राहीन. गायरानाचे मोठमोठे तुकडे कंपन्यांनी, संस्थांनी, धनदांडग्यांनी आणि खुद्द सरकारी खात्यांनी घेतले आहेत. हिशोब तिथून सुरू व्हावा. तीच गोष्ट फासेपारध्यांची. काळविटाच्या वाटा, सवयी, विणीची जागा जितकी त्यांना माहीत आहे तितकी कुठल्याही वनरक्षकाला माहीत नाही. इंग्रजांनी त्यांना गुन्हेगार ठरवलं, आपण शिकारबंदी आणली आणि त्यांच्या पोटाची व्यवस्था लावली नाही. कुरणाची राखण, हरणांची मोजणी, जखमी जनावर पकडून देणं ही कामं पगारी नोकरी म्हणून त्यांना द्यावीत. उपकार म्हणून देऊ नयेत. हे काम त्यांच्याइतकं चांगलं दुसऱ्या कुणाला येत नाही.

मोजणीचा उल्लेख आला म्हणून सांगतो, बुद्धपौर्णिमेच्या रात्री अभयारण्यांत पाणवठ्यावर बसून प्राणी मोजतात. मराठवाड्यातली बहुतेक काळविटं त्या पाणवठ्यांवर कधीच जात नाहीत. ती उदगीरच्या काळ्या रानात, चाकूरच्या माळावर, सेलू-जिंतूरच्या शेतांत असतात. उन्हाळ्यात नांगरटीनंतर रानं उघडी असतात, कळप लांबून दिसतात, तेव्हा ग्रामपंचायत, कृषी सहायक आणि वनरक्षक यांनी एकाच आठवड्यात तालुकाभर मोजणी करावी. कुठल्या गावात किती, नर किती, माद्या किती, पाडसं किती, हे कळल्याशिवाय 'फार झालीत' आणि 'नामशेष होतायत' या दोन्ही ओरडींना अर्थ नाही. त्याच आठवड्यात बिनकठड्याच्या विहिरींचीही यादी व्हावी. एप्रिल-मे महिन्यांत पाण्याच्या वासाने आलेली, नाहीतर कुत्र्यांनी पिटाळलेली काळविटं त्यांत पडतात. ओल्या दोरखंडाला बाज बांधून गावातली पोरं त्यांना वर काढतात, आणि ज्या शेतकऱ्याच्या सोयाबीनचं त्या कळपाने नुकसान केलेलं असतं तोही दोर ओढायला उभा असतो. हे मी अनेकदा पाहिलं आहे. शेतकरी हरणाचा वैरी आहे असं ज्यांना वाटतं, त्यांनी अशा एखाद्या विहिरीवर यावं.

समृद्धी महामार्ग जालना आणि संभाजीनगरमधून गेला तेव्हा प्राण्यांसाठी भुयारी आणि वरचे मार्ग ठेवले गेले. हे चांगलं झालं, पण जिल्हा आणि राज्य मार्ग चौपदरी होत आहेत तिथे असा विचार दिसत नाही. परतूर-सेलूकडच्या सपाट रानात दुभाजकाच्या भिंती उभ्या राहिल्या तर कळपांचे दोन तुकडे पडतील आणि दोन्ही तुकडे आपापल्या बाजूच्या शेतांवर जास्त भार टाकतील. रस्त्यांच्या निविदा निघण्याआधी हे पाहायला हवं. नंतर भिंत फोडायला कुणी पैसे देत नाही.

शासनाला दुसरं काही जमलं नाही तरी एक गोष्ट या पावसाळ्याआधी करता येईल. जिल्हाधिकाऱ्यांनी आपल्या जिल्ह्यातल्या गायरानांची यादी काढावी, ज्यांवर अजून गवत आहे ती वेगळी करावीत, आणि तिथे वृक्षलागवडीचा किंवा भूखंड देण्याचा कुठलाही नवा प्रस्ताव ग्रामसभेच्या ठरावाशिवाय स्वीकारू नये. ग्रामसभांनीही आपलं गायरान नक्की किती एकर होतं, आज किती आहे आणि मधलं कुणाला गेलं, हे तलाठी कार्यालयातून लेखी मागून घ्यावं. तो कागद हातात असला की हरणांवरची पुढची चर्चा अंदाजाने आणि अफवेने होणार नाही.